श्रेयनामावलीत नसलेलं नाव

मॅडम,

गेल्या शनिवारी तुमचं नाव पडद्यावर पाहिलं. संकलन, आणि त्याखाली तुमचं पूर्ण नाव, दोन्ही आडनावांसकट. चार सेकंद होतं. सभागृहात तीसेक माणसं असतील. ही बाई याच शहरात, तोआ पायोहच्या एका फ्लॅटमध्ये, कितीतरी वर्षं राहून गेली हे त्यांतल्या कुणालाच ठाऊक नव्हतं.

मी पुण्याहून इथे एडिटिंग शिकायला आले तेव्हा तुम्ही आम्हाला शिकवत होता आणि साठी ओलांडली होती. नवऱ्याला इथल्या सेम्बावांगच्या गोदीत इंजिनीअरची नोकरी लागली म्हणून तुम्ही स्पेनहून आलात. तो वारल्यावरही परतला नाहीत. तिकडे एखाददुसरा चित्रपट केला असेल, एवढंच आम्ही विद्यार्थी धरून चाललो होतो. तुम्हीही कधी काही बोलला नाहीत.

माझी डिप्लोमाची फिल्म त्याच गोदीतल्या एका निवृत्त वेल्डरवर होती. कामावरचा जोडीदार जहाजाच्या टाकीत गुदमरून गेला, हे सांगताना तो थांबतो, खिडकीकडे बघत राहतो. ते थांबणं मी काढलं आणि तिथे क्रेनचं एक दृश्य घातलं. सांधा इतका बेमालूम झाला होता की मी शाबासकीची वाट पाहत होते. तुम्ही तो भाग तीनदा पाहिलात.

"इथे काय होतं?"

"काही नाही. तो गप्प होता."

"किती वेळ?"

"अकरा सेकंद."

"तो मित्राला आठवत होता," तुम्ही म्हणालात, "आणि तू आम्हाला क्रेन दाखवलीस." मग पर्स उचलता उचलता, "रविवारी जेवायला ये."

तुमचं ते स्वयंपाकघर अजून तसंच दिसतं. तुम्ही तव्यावर बटाटा घातलेलं जाड ऑम्लेट परतताय, पाठ माझ्याकडे आहे, आणि पाठ तशीच ठेवून तुम्ही सांगताय. तुम्ही बावीस वर्षांच्या आहात, देशात हुकूमशाही आहे, आणि प्रत्येक चित्रपट आधी सेन्सॉरकडे जातो. एका चित्रपटात तुरुंगातून परत आलेला नवऱ्याचा सदरा एक बाई धुतेय. धुता धुता ती थांबते, सदरा नाकाशी धरते. नवरा आता येणार नाही, हे त्या एका दृश्यातून कळतं. ते काढा, असा हुकूम येतो. तुम्ही काढता, इतक्या सफाईने की खुद्द दिग्दर्शकाला जागा सापडत नाही.

"सगळ्यांनी माझं कौतुक केलं," तुम्ही म्हणालात. "मी घरी जाऊन ओकले."

श्रेयनामावलीत दिग्दर्शकाने स्वतःच्या मेहुण्याचं नाव घातलं. मी चिडले, तर तुम्ही मान हलवलीत. "त्या कापाखाली मलाच माझं नाव नको होतं." पुढे वीस वर्षं तुम्ही संकलन केलंत, बहुतेक ठिकाणी दुसऱ्याच्या नावाखाली. एकदा सवय लागली की मागायचं सुचत नाही, म्हणालात.

मी परत जाऊन ते अकरा सेकंद जसेच्या तसे ठेवले. आजही कुणी क्लायंट म्हणतो, इथे फार शांत वाटतंय, तेव्हा मी आधी समोरचा माणूस कशासाठी गप्प आहे ते बघते. प्रत्येक वेळी मी जिंकते असं नाही.

शेवटच्या वर्षी, हॉस्पिटलमध्ये जायच्या आधी, तुम्ही मला एक जाड वही दिलीत. तुम्ही कापलेल्या प्रत्येक तुकड्याची तीत नोंद होती. "तुला स्पॅनिश येत नाही," तुम्ही हसलात, "म्हणून तुझ्याकडे सुरक्षित आहे." तुम्ही गेलात. वही इथल्याच सेरंगून भागातल्या माझ्या घरात, कपाटात पडून राहिली. माझं लग्न झालं, मुलगी झाली, ती शाळेत स्पॅनिश शिकायला लागली. सदऱ्याची ती गोष्ट तिने माझ्याकडून ऐकली होती. एका दुपारी तिने ती वही चाळली आणि एका पानाशी थांबली.

"ममा, शी डिडन्ट थ्रो इट अवे. शर्टच्या सीनचा तो पीस. कुठल्या डब्यात ठेवला ते लिहिलंय."

तुम्ही हे मला कधीच सांगितलं नव्हतं. दुसऱ्या एका चित्रपटाच्या नावाचं लेबल लावून तुम्ही तो तुकडा लॅबमध्ये लपवला होता.

"इतक्या वर्षांनी कोण शोधणार?" मी म्हटलं.

"जस्ट ईमेल देम, लाह," ती इथल्या पोरांच्या बोलीत म्हणाली.

स्पेनच्या फिल्म संग्रहालयाने आठ महिन्यांनी कळवलं, डबा सापडला. त्या बाईचा सदरा आता चित्रपटात परत आला आहे. मग मी तुमच्या नावाचंही लिहिलं. तो काप आता राहिलेला नाही, तेव्हा नाव लागायला तुमची हरकत नसावी, असं मी आपलं ठरवलं. वहीतल्या नोंदी त्यांना पुराव्यादाखल पुरल्या.

शनिवारी ते दृश्य आलं तेव्हा मुलीने माझा हात धरला. ती बाई सदरा नाकाशी धरते, आणि तुम्ही तिला भरपूर वेळ दिला आहे. मी सेकंद मोजले नाहीत.

हे पत्र कुठे पाठवायचं नाहीच, तेव्हा एक सांगून टाकते. नावाच्या दुरुस्तीचा अर्ज फक्त घरच्या माणसालाच करता येत होता. तुम्हाला मूल नव्हतं. पुण्यात माझी आई आहे, तिला मी हे सांगितलेलं नाही. नात्याच्या रकान्यात मी 'मुलगी' असं लिहिलं, आणि लिहिताना हात जराही अडखळला नाही.