सैल पट्टा

प्रिय चिमणे,

फोन करत नाही, कारण फोनवर तू "आई, आधी माझं ऐक" म्हणतेस आणि मग माझी पाळी येतच नाही. म्हणून कागद. ठोंब्यासाठी तू बागवाल्या बंगल्यातली माणसं शोधलीस, रविवारी ती त्याला न्यायला येणार, आणि हे मला जावईबापूंच्या तोंडून कळावं? कुत्रा माझा, मनगट मोडलं माझं, आणि निकाल तुम्ही जेवता जेवता लावून मोकळे! वर ते मला सांगतात, "आई, मनाला लावून घेऊ नका." मनाला नाही तर काय पायाला लावून घेऊ?

हो, त्यानं मला पाडलं. कुंपणावर मांजर दिसलं, त्यानं झेप घेतली, आणि पट्टा मी मनगटाला गुंडाळलेला. आयुष्यभर मेट्रन म्हणून दुसऱ्यांची मोडलेली हाडं पाहिली, त्यामुळे आवाजावरूनच कळलं की मोडलं. पण म्हणून कुणी घरातलं माणूस देऊन टाकतं का?

प्लास्टर निघाल्यावर मी ठोंब्याला घेऊन त्याच्या डॉक्टरणीकडे गेले. तिनं बोटाएवढी डबी हातात ठेवली. दाबली की टक् वाजते. मला वाटलं, हे तर ओळखीचं! आमच्या कॉन्व्हेंट शाळेतल्या सिस्टरांकडे अशीच लाकडी टकटकी होती. एकदा वाजली की प्रार्थनागृहात अख्खा वर्ग गुडघ्यांवर, पुन्हा वाजली की उभा. मी तोच खाक्या चालवला. ठोंब्यानं ओढलं की टक्, आणि वर दटावणी. तो बेटा दुप्पट जोमानं ओढायला लागला. डॉक्टरीण पोट धरून हसली. म्हणाली, "मावशी, हा हुकूम नाही, शाबासकी आहे. पट्टा सैल असेल तेव्हाच वाजवायचं, आणि वाजलं की खाऊ द्यायचाच. ओढलं तर बोलायचं नाही, फक्त थांबायचं." सिस्टरांनी आम्हांला खाऊ दिल्याचं मला तरी आठवत नाही.

न बोलणं मला किती जड गेलं असेल ते तूच समज. फाटकापासून कोपऱ्यापर्यंत जायला आम्हांला सगळी सकाळ लागायची. तो ओढायचा, मी खांबासारखी उभी. शेवटी वैतागून तो मागे वळून बघायचा, पट्टा ढिला पडायचा, की टक् आणि उकडलेल्या चिकनचा तुकडा. शेजारीण विचारून गेली, बरं वाटत नाहीये का? एकदा बँकेच्या रांगेत पर्समध्येच डबी दाबली गेली. हे महाशय कान टवकारून बघायला लागले. नियम तो नियम. सगळ्यांसमोर डबा उघडला आणि चिकन दिलं. कॅशियरच्या चेहऱ्याकडे मी पाहिलंच नाही.

काल ते मांजर पुन्हा कुंपणावर बसलं होतं. ठोंब्या थरथरला. पण मी पट्टा आवळला नाही. त्यानं मांजराकडे पाहिलं, मग माझ्याकडे, आणि शेजारी येऊन उभा राहिला. मी डबी वाजवली आणि उरलेलं सगळं चिकन एकदम देऊन टाकलं. डॉक्टरणीला सांगू नकोस.

बंगलेवाल्यांना मी आजच नाही म्हणून कळवलं. पण नुसत्या कुत्र्यासाठी मी एवढं लिहिलं नसतं. तुमची मागची खोली रिकामी झाली, तिथे नवा पलंग आला, हेही जावईबापू बोलून गेले. म्हणजे ठोंब्या गेला की पुढचं वाक्य तयारच, "आई, आता एकटी त्या घरात काय करणार?" ते तू म्हणायच्या आधीच सांगते, मी येणार नाही. तुला भीती वाटते, हे कळतं मला. तू दवाखान्यात कशी रडत होतीस ते मी पाहिलंय. म्हणून रविवारी तू ये. आपण तिघं तळ्यापर्यंत जाऊ. फक्त रस्ता ओलांडताना माझा दंड धरू नकोस. शेजारून चाल. लागला तर हात मी मागून घेईन.

तुझीच, अजून धडधाकट,
आई