शिक्षा घागऱ्याला

हॅनोव्हर, न्यू जर्सी
२० ऑक्टोबर १८०७

चि. जोथमास अनेक आशीर्वाद.

वकीलसाहेबांचे आमदारसाहेब झालात, ऊर भरून आला. आई गेली तेव्हा तू पाळण्यात होतास, मी तुला कडेवर घेऊन वाढवलं. आज ती असती तर तिनं गावभर सफरचंदाची सायडर वाटली असती. ते मी केलं.

मतदानाच्या दिवशी खानावळीपुढं घोटाभर चिखल. गावातल्या आम्हा जमीनवाल्या विधवांना मी माझ्याच गाडीत कोंबलं. कॉन्डिटकाकूंचा गुडघा धरलेला, म्हणून आपल्या काळ्या लोहारानं, सायमननं, त्यांना खुर्चीसकट उचलून पेटीपाशी नेलं आणि मग स्वतःचं मत टाकलं. काकू म्हणाल्या, नवरा होता तोवर मला मत नव्हतं; म्हातारा जाताना एवढं तरी देऊन गेला. तू निसटता निवडून आलास, तेव्हा त्यात आमचा वाटा केवढा ते तूच समज.

गिरणीवाला म्हणत होता, बायकांचं मत काढून घ्यायचा कायदा ट्रेंटनला येतोय. मी म्हटलं, येऊ दे की, तिथं माझा भाऊ बसलाय.

थंडी पडतेय. कोटाच्या आत लोकरीची बंडी घालत जा.

तुझी,
केझाया

ट्रेंटन
१८ नोव्हेंबर १८०७

ती. ताईस जोथमचा सा. न. वि. वि.

दुसऱ्याकडून कळण्याआधी मीच कळवतो. कायदा परवा मंजूर झाला. यापुढं मत फक्त गोऱ्या पुरुषांना. मीही बाजूनं हात वर केला.

रागावण्याआधी ऐक. गेल्या हिवाळ्यात कोर्ट कुठं बांधायचं यावरून मतदान झालं तेव्हाचा गोंधळ तू ऐकलायस. पुरुषांनी घागरे नेसून दोनदोनदा मतं टाकली म्हणतात. आमच्या पक्षातले दोन गट हमरीतुमरीवर आलेले, आणि या एकाच मुद्द्यावर त्यांचं जमलं. मी विरोधात गेलो असतो तरी कायदा व्हायचा तो झालाच असता, फक्त माझं नाव पुसलं गेलं असतं. पुढच्या वर्षी मला वॉशिंग्टनच्या काँग्रेससाठी उभं करायचं ज्येष्ठांनी कबूल केलंय. तिथं गेलो की पुष्कळ करता येईल. आणि तुझं मत माझ्या मतात आलंच, असं समज.

कृपा असू द्यावी.

तुझा,
जोथम

हॅनोव्हर
२९ नोव्हेंबर १८०७

चि. जोथमास आशीर्वाद.

लबाडी केली पुरुषांनी आणि शिक्षा घागऱ्याला. हा न्याय कुठल्या पोथीत शिकलास ते कळव.

सायमन माझ्या घोडीला नाल ठोकत होता, तेव्हा मीच त्याला सांगितलं. त्यानं विचारलं, जोथमसाहेबांनी काय केलं. मी म्हटलं, हात वर केला. त्यानं हातोडा खाली ठेवला आणि म्हणाला, आज काम व्हायचं नाही बाई, घोडी उद्या आणा. काकूंना अजून सांगितलेलं नाही. तू येऊन सांग.

केझाया

हॅनोव्हर
१४ नोव्हेंबर १८०८

चि. जोथमास आशीर्वाद.

काँग्रेसवर निवडून आलास, अभिनंदन. काकूंना सांगायला तू काही आला नाहीस. शेवटी मीच सांगितलं.

कायदा ठाऊक असूनही मी मतदानाला का आले, असं तू विचारतोस. मला ते दुसऱ्याच्या तोंडून ऐकायचं होतं. तपासनीस म्हणाला, बाई, तुमचं नाव घेता येत नाही. मी म्हटलं, जमीन तीच, कर भरलेला, आणि बाईही तीच. मागं हशा पिकला. तू दारातच होतास, लोकांचे हात हातात घेत. पुढं होऊन सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणालास, माझी ताई दमलीय, तिला शेकोटीजवळ खुर्ची द्या. किती मायाळू भाऊ, असं एकजण बोललाही. त्यावर दोनचार मतं नक्की मिळाली असतील. मी बसले नाही, हे तुझ्या लक्षात आलं की नाही कोण जाणे.

वॉशिंग्टनला जाण्याआधी भेटायला येतोस म्हणतोस. ये. गरम जेवण मिळेल, आईच्या खोलीत अंथरूण मिळेल. राजकारणातलं मात्र काही सांगू नकोस. ज्यात मला बोलायची सोय नाही, ते ऐकायचंही मी सोडलंय.

लोभ आहे तो वाढावा, असं शेवटी लिहायची रीत. लोभ आहे. वाढावा असं वाटत नाही.

केझाया