कोरी सोडायची चौकट

बाई, सव गावच्या गरम पाण्याच्या कुंडावर तुम्ही मला दुसऱ्यांदा घेऊन गेला होतात, ते आज दुपारपासून डोक्यातून जात नाही. आठवीत होते मी. वर्गाबरोबर गेलो तेव्हा दर दहा मिनिटांनी पाण्याचं तापमान घ्यायचं होतं. तीनदा घेतलं, चौथ्या वेळी मैत्रिणींबरोबर पेरू खात बसले आणि आधीचाच आकडा खाली उतरवला. तुम्ही वही पाहिलीत. पुढच्या रविवारी मला एकटीला तिथे नेलंत, उन्हात बसवलंत आणि चारही वेळा तापमापी धरायला लावलीत. चौथा आकडा नेमका तोच आला. मी हसले. तुम्ही म्हणालात, "आकडा बरोबर आला म्हणून तू खरी ठरत नाहीस. न पाहिलेली चौकट कोरी सोडायची. कोऱ्या चौकटीची लाज नसते गं." परतताना एसटीत स्वतःचं शाईपेन माझ्या हातात ठेवलंत. पेन्सिल नाही, खोडरबर नाही, जे दिसेल ते तिथल्या तिथे लिहायचं.

त्या सवयीवरच माझं पोट चाललंय. भूगर्भशास्त्र शिकले आणि पहिली नोकरी मिळाली ती आपल्याच भागात. पोलादपूरच्या वर एका वाडीमागचा डोंगर तडकलाय, त्या भेगेवर लक्ष ठेवायचं. भेगेच्या दोन्ही बाजूंना खुंट्या ठोकल्यात, अशा तीन जोड्या. दर आठवड्याला जाऊन प्रत्येक जोडीतलं अंतर फितीने मोजते. साहेब चारचौघांत सांगतात, "हिच्या वहीवर मी डोळे मिटून सही करतो." ऐकून मी फुगायचे.

पावसाळा लागल्यापासून वाडीतली माणसं खाली शाळेत हलवली होती. गेल्या आठवड्यात गेले तेव्हा खालच्या दोन्ही जोड्यांतलं अंतर तसूभरही बदललेलं नव्हतं. तिसरी जोडी वर, कारवीच्या रानात. धुकं, जळवा, निसरडं, त्यात परतीची एसटी चुकायची भीती. वर गेलेच नाही. तिसऱ्या चौकटीत मागचाच आकडा लिहिला, तुमच्याच पेनने. साहेबांनी सही केली आणि त्या कागदावर माणसं आपापल्या घरी परतली.

आज दुपारी वाडीतल्या काकूंचा फोन आला. दर खेपेला मला चहा पाजतात त्या. "गो बाय, वरची खुंटी पार कलंडली हाय. गुरं आणायला गेले तवा दिसली. तू बघितलीस तवा नीट व्हती ना?"

मी म्हटलं, "हो काकू, नीट होती."

"मग गुरांनीच पाडली असंल. तू बघितलीस म्हंजे आमाला घोर नाय."

पाऊस सकाळपासून थांबलेला नाही. माझ्या महाडच्या खोलीतून सावित्री दिसते, तिचं पाणी आज लाल आहे. ती माती वरूनच येते. मला भीती वाटतेय, बाई. चौकट खोटी आहे एवढं साहेबांना सांगितलं तर माणसं अंधार पडायच्या आत खाली येतील. माझी नोकरी जाईल, माझ्या वहीवर पुन्हा कोणी विश्वास ठेवणार नाही. कुंडावर आला तसा इथेही आकडा तोच निघेल, असं मनाला समजावून पाहिलं. पटत नाही.

तुम्ही आता या जगात नाही, त्यामुळे हे कुठे पाठवायचं नाहीच. काकूंचा फोन येऊन तास झाला. साहेबांना फोन लावायचा सोडून मी तुम्हाला लिहीत बसलेय, कारण तुम्ही उत्तर देणार नाही.