चुन्याखालची ओळ

बाबा, टीव्हीवाल्यांनी नव्या माहितीपटाची कच्ची प्रत पाठवलीय. अंबरपेठेतल्या घरी बसून दोनदा पाहिली. त्यात मी त्याच देवळासमोर उभा आहे, जिथं कॉलेजच्या सुट्टीत तुम्ही मला मदतीला नेलं होतं. शिलालेखावर ओला कागद चिकटवून तुम्ही ब्रशनं ठोकत होता, अक्षरांच्या खाचांत तो नीट बसावा म्हणून. वरून शाई मी लावली, आणि घाईनं कागद ओढला. टर्रकन फाटला. "वाळू दे की," तुम्ही म्हणालात, "दगड पळून चाललाय व्हय?" मग दुसरा कागद. ठोकता ठोकता शेवटच्या ओळीखाली तुमचा हात थांबला. "ऐक. इथं भद्द वाजतंय. चुना भरलाय, आत अक्षरं हायेत." त्या लिपीतलं एकही अक्षर तुम्हाला वाचता येत नव्हतं. पुरातत्त्व खात्याचे साहेब सावलीतूनच बोलले, "वहाँ कुछ नै है मियाँ, समेटो." "हौ साब," म्हणत तुम्ही सामान गुंडाळलंत.

पुढं ती लिपी मी शिकलो, परवानग्या काढल्या, चुना खरवडून घेतला. वर सगळा राजाचा डामडौल, आणि चुन्याखाली देऊळ घडवणाऱ्या पाथरवटाचं नाव. त्या एका ओळीवर माझं नाव झालं.

माहितीपटात पुण्याहून इथं आलेली दिग्दर्शक पोरगी विचारते, "सर, तिथं ओळ आहे हे कळलं कसं?" मी हसून सांगतो, "कान तयार लागतो." म्हणजे माझा. आणि लगेच, पाथरवटाचं नाव कुणी बुजवलं असेल, यावर हळहळतो.

आज सकाळी तिला फोन केला. म्हटलं, ते वाक्य बदलायचंय. कान माझ्या वडिलांचा होता. "अरे वा, तेही पुरातत्त्वतज्ज्ञ होते का?" हा प्रश्न आला की आजवर मी "त्याच खात्यात होते" एवढंच बोलून पुढं सरकायचो, लोकांनी साहेब समजावं, अशा बेतानं. आज म्हणालो, "नाही. शिलालेखांचे ठसे काढायचे. रोजंदारीवर." "नाव सांगा सर, पडद्यावर टाकते," ती म्हणाली. सांगितलं, आडनावासकट.

हे पत्र तुमच्या ब्रशच्या डब्यात ठेवतोय. एक राहिलंच. चित्रीकरणात ठसा काढून दाखवताना माझ्या हातून कागद परत फाटला. तेवढं मी त्यांना कापायला लावलं होतं. आज फोनवर त्याबद्दल काही बोललो नाही.