दादा साधू नव्हता

३ नोव्हेंबर
मनोरुग्णालयातून पुन्हा फोन. समाजसेविका होत्या. तुमचे भाऊ बरे आहेत, कित्येक वर्षं बरेच आहेत, न्यायला कोणी येत नाही एवढंच. मी दादाला गुपचूप राखी पाठवायचे, त्या पाकिटावर माझा नंबर होता. येते म्हणून टाकलं.
आता घरी यांना काय सांगू? माझं लग्न जमावं म्हणून बाबांनी सौसर गावभर सांगितलं, थोरला नर्मदेकाठी गेला, साधू झाला. अडतीस वर्षं मीही तेच सांगत आले. आज पुन्हा तेच. दादा आश्रम सोडून येतोय म्हटलं. हे खूश!

८ नोव्हें.
दादाला घेऊन आले. पांढुर्णा स्टेशनावर हे हार घेऊन उभे. दादा फुलपँट-शर्टात, दाढी गुळगुळीत. हे माझ्या कानात, "महाराजायनं दाढी कवा काढली वं?" हार मात्र घातला.
दुपारी दादाला आतली खोली दाखवली. दाराशीच थांबला. "कडी मी लावू?" तुझीच खोली म्हटलं. लावली, काढली, पुन्हा लावली. म्हणाला, पहिली काही वर्षं कडी बाहेरून असायची. शॉक देताना चौघं धरायचे. मग एक नवी डॉक्टरीण आली, तिनं बोलायच्या आधी बसायला खुर्ची दिली. हळूहळू कड्या गेल्या, गोळ्या बदलल्या, बागेत काम मिळालं. पिकापाण्याचं सांगावं तसं सांगत होता. मला ऐकवेना.

९ नोव्हें.
सकाळपासून शेजारपाजारचे पाया पडायला. यांनीच बोलावलेले. दादा स्वयंपाकघरात येऊन विचारतो, "भायेर आजकाल सारेच असे पाया पडतेत का?"
ताट वाढता वाढता सांगावंच लागलं, बाबांनी काय उठवलं होतं ते. हातातला घास हातातच राहिला त्याचा. मग म्हणाला, "साधू केलं बाबानं मले. मेला म्हणून तं नाई सांगतलं." मी रडले. तो जेवला.

११ नोव्हें.
समोरच्या कुसुमबाई आल्या. त्यांची वर्षा सहा महिने खोलीबाहेर येत नाही, एकटीच बोलते, जेवण तुटलंय. "अंगारा द्या महाराज. पुढच्या महिन्यात पोरीले पाहाले पाहुणे येऊन राहिले."
दादानं माझ्याकडे पाहिलं. मी मान खाली घातली. नको बोलूस, एवढंच मनात. लाज वाटते आता लिहिताना.
तो बोलला. "बाई, मी साधू नाई. अडतीस वर्षं पागलखान्यात होतो. आजही रोज गोळी घेतो. अंगारे मलेही लय लावले होते. पोरीले डॉक्टरले दाखवा. मले नेलं तवा उशीर झाला होता."
कुसुमबाई उठून गेल्या. हे दारातच. सगळं ऐकलं.

१२ नोव्हें.
हे बोलत नाहीत. चहा घेतला, संत्र्याची तोड सुरू आहे, तिकडे गेले. भीती वाटायला हवी. उलट मोकळं वाटतंय. दुपारी गाढ झोपले, भांडीवाली दार वाजवून परत गेली.

१३ नोव्हें.
संध्याकाळी ओसरीवर हे एकदम म्हणाले, "मले तेव्हाच सांगतलं असतं तं मी काय नाई म्हटलं असतं?"
"म्हटलं असतं."
यांनी कपातला चहा संपवला. "हो. म्हटलं असतं."
मग दादाच्या खोलीकडे पाहून, "त्यायची गोळी जेवणाआधी का नंतर?"
नंतर, म्हटलं. आत जाऊन पोटभर रडले.

१५ नोव्हें.
कुसुमबाई मागच्या दारानं. उद्या नागपूरला डॉक्टरकडे जायला गाडी सांगितलीय. "भाऊचं सारं सांगतलं वर्षाले. भाऊ संगं असन तं येतो म्हणते. तुमीबी चला, ताई. पण कोणी विचारलं तं जामसावळीले मारुतीच्या दर्शनाले चाललो म्हणजा."
वर्षाच्या लग्नासाठी पुन्हा तेच. खोटं नको, म्हणायला तोंड उघडलं. दादा हसला.
"पहिले गाडीत तं बसू दे तिले."
पाच जणांच्या पोळ्या बांधायच्या आहेत, हेही येतो म्हणाले. वाटेत कोणी विचारलंच तर काय सांगायचं, ते मला अजून ठरवता आलेलं नाही.