आण्णा, पोच मी घेतलीच नव्हती

प्रिय आण्णा,

तुला पत्र लिहायची ही माझी पहिलीच वेळ. तू होतास तेव्हा फोन होता की! आज लिहायला बसलोय, कारण पोकलेनचा हायड्रॉलिक पाइप फुटलाय. नवा यायला दोन दिवस लागणार. हिमाचलातल्या ह्या रस्त्याच्या कामावर मशीन बंद पडलं की ऑपरेटरला काही उद्योग नसतो. बाकीची पोरं पत्ते खेळतात. मला एका जागी बसवत नाही, हे तुला ठाऊकच आहे.

पण खरं कारण पाइप नाही.

परवा वैनीचा फोन आला. गेल्या वर्षी तू जिच्यासाठी अर्ज केला होतास, ती भूगोलाची कायमची जागा परत निघालीय. ज्याची निवड झाली होती तो वर्ष व्हायच्या आतच दुसरं कॉलेज मिळालं म्हणून सोडून गेला. वैनी एम.ए. आहे, सेट पास आहे. ती भाकरी थापायची आणि तू दारात उभा राहून नद्या विचारायचास, असं करून तूच तिचा अभ्यास घेतलास. अर्जाला आठ दिवस राहिलेत. आणि ती म्हणते, "भावजी, मी न्हाय भरनार. ज्या मानसांनी ह्यांचं नाव मुद्दाम उडवलं, त्यांच्या दारात मी उभी ऱ्हाऊ व्हय?"

आण्णा, तुझं नाव कुणी मुद्दाम उडवलं नव्हतं. कालपर्यंत हे ह्या जगात फक्त मला माहीत होतं.

गावात तुला सगळे प्राध्यापक म्हणायचे. मैंदर्गीच्या बाजारात भाजीवाली मावशी चार मिरच्या जास्त टाकायची, "घ्या सर" म्हणून. तू खरा कसला प्राध्यापक, ते घरात आम्हालाच ठाऊक. तासिका तत्त्वावरचा! जुलैत मुलाखत, ऑगस्टात नेमणुकीचं पत्र, मार्चात 'कार्यमुक्त'. पुढच्या जुलैत परत मुलाखत. तेच कॉलेज, तीच खोली, टेबलापलीकडं तीच माणसं. नऊ वर्षं! मी एकदा विचारलं होतं, "आण्णा, ते तुला वळकत न्हाईत का रं?" तू हसून म्हणालास, "वळकत्यात की. पन दर साली नव्यानं वळक करून घ्यायची पद्धत हाय त्यांच्यात."

सकाळी एका कॉलेजात तीन तास, दुपारी चाळीस किलोमीटरवर दुसऱ्या कॉलेजात दोन. मधे बाभळीखाली गाडी लावून भाकरी. कायमच्या सरांची स्टाफरूममधे नावं घातलेली कपाटं होती, तुझी पुस्तकं गाडीच्या डिकीत. वेळापत्रकात त्यांची नावं शाईनं आणि तुझं पेन्सिलनं. तो हिमालयाचा मोठा नकाशा गुंडाळून तू गाडीला आडवा बांधायचास. मी ओरडायचो, "तोफ घिऊन कुटं निघालास?" तू म्हणायचास, "बी.ए. भाग दोनवर हल्ला करायला!"

तुला राग कसा येत नव्हता रे?

मला यायचा. तो मी तुझ्यावरच काढायचो. एकदा अव्वासमोर म्हणालो होतो, "मी सातवी नापास. पन मशीनवर बसलो की मशीन माझं. तू एवढी पीएचडी करून बसायला खुर्ची तरी तुझी हाय का?" अव्वानं पोटच्या पोराला कन्नडमधनं जी शिवी दिली ती लिहीत नाही. तू मात्र ताटातलं संपवलंस आणि म्हणालास, "तम्मा, एकदा कायम होऊ दे. मग तुला परत शाळंत घालतो बघ." चोवीस वर्षांच्या घोड्याला शाळेत! अव्वा हसली. मी उठून गेलो. ते मला अजून बोचतं.

इकडं आल्यावर मी तुला किती वेळा ये म्हणालो. ज्याचा नकाशा घेऊन तू गावोगाव फिरलास, तो हिमालय माझ्या मशीनच्या काचेतनं दिसतो. मला त्यातल्या एकाही शिखराचं नाव येत नाही. तुला सगळी यायची, आणि तू एकही बघितलं नाहीस. "कायम झालो की येतो." प्रत्येक गोष्टीला तुझं हेच उत्तर! कायम झालो की डॉक्टरला गुडघा दाखवतो, कायम झालो की घराला रंग देतो. आण्णा, एवढं कशाला ठेवलंस पुढं?

आता तो दिवस सांगतो.

त्या अर्जाची फाइल करायला तुझा महिना गेला होता. प्रत्येक कॉलेजचा अनुभवाचा दाखला. एका प्राचार्यांनी सहीसाठी तुला चार हेलपाटे घालायला लावले. शोधनिबंध, गुणांचा तक्ता, पीएचडीचं पत्र. फाइल एवढी जाड झाली की अव्वा म्हणाली, "ह्यात जेवनाचा डबा बी बसंल." आणि नेमकी शेवटच्या दिवशी तुझी परीक्षेवर ड्युटी लागली. सुटी मागितली तर पुढच्या वर्षी तास देताना तेच ध्यानात ठेवतील, ही तुझी भीती. मी सोलापूरच्या गड्ड्याच्या जत्रेसाठी सुटीवर आलो होतो. तू फाइल माझ्या हातात दिलीस.

"सोलापुरात संस्थेच्या हापिसात द्यायची. आवक नंबर टाकून घ्यायचा. ह्या दुसऱ्या प्रतीवर शिक्का आनि सही, ही आपली पोच. पोच घेतल्याशिवाय हलू नगंस." तीनदा सांगितलंस. मी म्हणालो, "आरं, मी काय शेंबडा हाय का?"

मी दीड वाजता तिथं. कारकून जेवायला गेलेला. शिपाई म्हणाला, "ठेवा की टेबलावर. साहेब आले की शिक्का मारत्यात, मग पोच न्या." बसलो अर्धा तास. तेवढ्यात गड्ड्यावरनं पोरांचा फोन, "आरं, कुटं हाईस? आमी पाळन्याच्या रांगेत हाय." आमच्या साइटवर कसं असतं, डिझेलची चिठ्ठी सुपरवायजरच्या टेबलावर टाकायची, वाऱ्यानं उडू नये म्हणून वर खडा ठेवायचा, झालं काम. चिठ्ठीची पोच कुणी मागितली तर पोरं हसतील. मला वाटलं, हापिस म्हणजे तरी दुसरं काय? फाइल ठेवली. वर त्यांचाच पेपरवेट ठेवला, लई शहाणपणा केल्यागत! दुसरी प्रत कोरीच पिशवीत घातली आणि निघालो. येताना शिक्का घेऊ म्हणालो. येईपर्यंत हापिसला कुलूप.

घरी तू उंबऱ्यातच होतास. "पोच?"

"हाय की, बॅगेत हाय."

एवढंच बोललो. तू बॅग उघड म्हणाला असतास तर? मला दोन मुस्काटात मारल्या असत्यास तर? का नाही बघितलंस? नऊ वर्षं जगानं तुझ्याकडं प्रत्येक गोष्टीचा कागद मागितला, आणि मला तू एक कागद मागू शकला नाहीस?

दुसऱ्या दिवशी सकाळी मी गुपचूप परत गेलो होतो. हे कुणालाच माहीत नव्हतं. कारकून म्हणाला, "मुदत काल संपली. दिला असंल तर असंल गठ्ठ्यात." मी म्हणालो, गठ्ठ्यात बघू द्या. तो म्हणाला, "तुमी कोन बघनार?" मी हात जोडले. तो फोनवर बोलत राहिला. त्या टेबलावर फाइल नव्हती. पेपरवेट होता.

तिसऱ्या दिवशी मी हिमाचलची गाडी धरली. पळालोच म्हण ना.

मुलाखतीच्या यादीत तुझं नाव नव्हतं. तू संस्थेत विचारायला गेलास, ते म्हणाले अर्ज आलाच नाही, आला असेल तर पोच दाखवा. तू मला फोन केलास. आवाज अगदी शांत. "तम्मा, ती पोच शोध बरं." मी म्हणालो, हरवली. मग तू म्हणालास, "असू दे. त्यांनी आदीच मानूस ठरवला असंल, म्हनून माझी फाइल बाजूला केली असंल. तू नगं मनाला लावून घिऊ. ऊटा आत?" जेवलास का, म्हणून विचारलंस तू मला! त्या दिवशी खरं बोललो असतो तर काय झालं असतं? तू रागावला असतास. बस, एवढंच झालं असतं.

ऑक्टोबरात, दुपारच्या कॉलेजात, हजेरी घेता घेता तू खाली बसलास. पोरांना वाटलं, खडू पडला असेल. मी अडीच दिवसांनी घरी आलो तेव्हा तुला माती देऊन झाली होती. तुझ्या एका विद्यार्थ्यानं मला कॉलेजातल्या श्रद्धांजलीच्या फळ्याचा फोटो दाखवला. तुझ्या नावाआधी लिहिलं होतं, 'तासिका तत्त्वावरील'. आण्णा, मेल्यावरसुद्धा! मी तो फोटो वैनीला दाखवला नाही.

वैनी भिंतीला टेकून बसली होती. येणाऱ्या प्रत्येक बाईला ती एकच सांगायची, "त्या यादीनंच ह्यांना खाल्लं. त्या लोकांनी नाव उडवलं, तवापासून ह्यांचा जीव थाऱ्यावर नव्हता." मी तिच्यापासून चार हातांवर बसलो होतो. बायका माझ्याकडं बघून डोळे पुसत होत्या. मी तोंड उघडलं नाही.

आणि आता तेच खोटं तिच्या आडवं आलंय. तुझी जागा मी घालवली. आता तिचीही घालवू?

काल वळणावर जाऊन उभा राहिलो, रेंज तिथंच मिळते. फोन लावला. "वैनी, पोच हरवली नव्हती. मी घेतलीच नव्हती." सगळं सांगितलं. शिपाई, पाळणा, पेपरवेट, दुसरी सकाळ, सगळं.

मग वैनी म्हणाली, "म्हंजी वरीसभर मी कुनावर जळत होते, भावजी?"

मी म्हणालो, "आता माझ्यावर जळा. पायातली चप्पल घ्या. पन वैनी, अर्ज भरा."

फोन ठेवला तिनं. त्यानंतर मी सहा वेळा लावला, उचलत नाही. संध्याकाळी तिथंच अव्वाचा आला, "तम्मा, काय बोललास रं तिला? सकाळपासनं अन्नाला शिवली न्हाय." अव्वालाही सांगितलं मग. तिनं मला शिवीसुद्धा दिली नाही, आण्णा. शिवी तरी द्यायची!

तिला ती जागा मिळेल का, मला काय माहीत. तूच म्हणायचास, पात्र असणं वेगळं आणि कायम होणं वेगळं. कदाचित तिलाही दर जुलैत ओळख करून द्यायला लावतील. तिला मी कुठं ढकलतोय, ह्याचीही भीती वाटते. पण तुझं नाव त्या रांगेत लागलंच नाही, ते माझ्यामुळं. तिचं तरी लागू दे. मग नाही म्हणायचं तर त्यांनी तोंडावर म्हणावं.

म्हणून शब्द देतो. पाइप येवो न येवो, उद्या सकाळच्या गाडीनं मी निघतोय. मुकादम म्हणाला, गेलास तर परत येऊ नको. नाही येणार. घरी आलो की अंगणात उभा राहीन. वैनी काय बोलेल ते ऐकून घेईन. ज्या ज्या बायकांपुढं ती त्या कॉलेजला बोलली, त्यांच्या दारात जाऊन मी सांगेन की हे मी केलं, तिच्या नवऱ्याच्या भावानं. तिचा सगळा राग तिथनं काढून माझ्या अंगावर घेईन, म्हणजे त्या जागेवर राग उरायचा नाही. ती अर्जावर सही करेपर्यंत मी अंगणातनं हलणार नाही. सही झाल्यावर तोंड दाखवू नको म्हणाली, तर नाही दाखवणार.

तुझी माफी मागत नाही, आण्णा. तू लगेच देशील, आणि परत जेवलास का म्हणून विचारशील. माफी द्यायची की नाही, हे आता वैनीनं ठरवायचं.

तुझा,
तम्मा