मागलोन तेसिएची गुरुपरंपरा

३ मार्च, सोमवार
या नोंदींतून मला एकच गोष्ट सिद्ध करायची आहे: अभिनेत्री मागलोन तेसिए हिची कला माझ्या तत्त्वज्ञानाच्या वर्गात घडली. तिचे नाव फार जणांना ठाऊक नाही. त्यावरून लोकांच्या पात्रतेविषयी अनुमान निघते, तिच्या नव्हे. ती आमच्या गेरे गावच्या शाळेतली. पापणी न हलवता माझे ऐकणारा तो चेहरा सदतीस वर्षांनंतरही आठवतो. २१ तारखेला ती आमच्या फिल्म क्लबात येते आहे. प्रास्ताविक माझे. ती सर्वांसमक्ष माझे नाव घेईल. मी सुचवणार नाही.

६ मार्च
तिचे तीन चित्रपट पाहिले. एकात ती कपाटाशी लग्न करते. दुसऱ्यात ऐंशी मिनिटे एका नगराध्यक्षाचे भाषण ऐकते. तिसऱ्यात ती मेलेली आहे, पण घरच्यांना तसे कळू देत नाही. तिन्हींत मिळून अकरा वाक्ये. इतके अर्थगर्भ मौन शिकवल्यावाचून येत नाही, आणि त्या शाळेत तत्त्वज्ञान शिकवणारा मी एकटाच होतो.

९ मार्च
धाकटी बहीण जिनेट क्लबची अध्यक्ष आहे. म्हणाली, "दादा, दहा मिनिटं हं. मागच्या वेळी तू बोलायला उभा राहिलास आणि लोक कोट चढवायला लागले." थंडी होती, असे मी निदर्शनास आणले. जून होता, असे तिचे म्हणणे. मुद्दा विषयबाह्य.
संकल्प: दहा मिनिटे.

१४ मार्च
प्रास्ताविक लिहून झाले: पूर्वपक्ष, उत्तरपक्ष, समन्वय. अठ्ठेचाळीस मिनिटे. छाटण्याजोगे काही आढळले नाही.
जुनी हजेरीपत्रके काढली. तिचे नाव नाही. एक पान फाटलेले आहे. ती त्याच पानावर असणार. तिला आधी फोन करून विचारू का, असे जिनेट म्हणाली. सिद्धान्त पूर्ण होण्याआधी साक्षीदाराला विचारणे शास्त्राला धरून नाही.

२१ मार्च, दुपार
दाढी. निळा टाय. तिने नाव घेतल्यावर किंचित मान लववायची, उठायचे नाही.

२२ मार्च, सकाळ
बावन्न मिनिटे. श्रोते आरंभी एकोणतीस, समारोपाला एकवीस. मागलोन पहिल्या रांगेत. हाच तो चेहरा.
चर्चेत जिनेटने विचारले, "आमचा दादा म्हणतो, तुम्ही त्याच्या विद्यार्थिनी?"
"छे हो," ती म्हणाली. "मी त्याच शाळेत केस कापायच्या कोर्सला होते. आम्हाला कुठलं आलंय तत्त्वज्ञान? पण सर माझ्या चांगले ओळखीचे. सरावाला आम्हाला खरी डोकी लागायची, म्हणून शिक्षक मंडळी यायची. सर दर महिन्याला माझ्याच खुर्चीत. कात्री लागली की सरांचं बोलणं सुरू, ते मी मानेवरचे केस झटकेपर्यंत. आमच्या बाईंची ताकीद होती, गिऱ्हाईक बोलतंय तोवर आरशातून त्याच्याकडे बघायचं आणि चेहरा गुंतलेला ठेवायचा. मी मनात बाजाराची यादी करायची. पुढे त्याच चेहऱ्यावर सिनेमे मिळाले. तेव्हा लाफोरे सर, तुमचे आभारच."
सभागृह हसले. जिनेट सर्वांत जास्त. मी ठरल्याप्रमाणे मान लववली. निघताना मागलोनने माझ्या मानेकडे पाहिले आणि म्हणाली, "सर, मागे फार वाढलेत."

मूळ प्रतिज्ञा पुन्हा तपासली. कला माझ्यामुळे घडली आणि तिने माझे नाव घेतले, या दोन्ही गोष्टींना एकवीस साक्षीदार आहेत. 'वर्गात' हा शब्द तेवढा ढिला पडतो. तो तपशील झाला. चूक एकच, ती मान्य करतो: ती माझे ऐकत होती, हे मी गृहीत धरले होते.

— ह्युबेर लाफोरे